एअर रायफलला परवाना नको, मग सायलेन्सरला? नेमबाजीच्या जोडसामानाचा कायदा, पायरीपायरीने

दहा मीटर नेमबाजी सुरू करणाऱ्याची पहिली खरेदी सोपी असते. ४.५ मिमीची एअर रायफल, छऱ्यांचे दोन-चार डबे, ओळखपत्राची झेरॉक्स, दुकानदाराच्या रजिस्टरवर सही. परवाना लागत नाही. गोंधळ सुरू होतो तो नंतर, जोडसामान घ्यायची वेळ आली की. ऑनलाइन दुकानात स्कोप दिसतो, बायपॉड दिसतो, ‘साउंड मॉडरेटर’ (म्हणजे सायलेन्सर) दिसतो, जास्त ताकदीची स्प्रिंग दिसते, ५.५ मिमीची बदली नळी दिसते. सगळं एकाच पानावर. यातल्या पहिल्या दोन वस्तू कायद्याच्या लेखी कॅमेऱ्याच्या ट्रायपॉडइतक्या निरुपद्रवी आहेत. तिसरी वस्तू कायद्याने स्वतःच अग्निशस्त्र ठरू शकते. चौथी आणि पाचवी तुमच्या बिनपरवाना रायफलला परवान्याच्या यादीत ढकलू शकतात.

सूट मिळालेली आहे ती रायफलला. तिला तुम्ही जे जोडाल त्याला ती सूट आपोआप लागू होत नाही. बहुतेक चुका हे न कळल्यामुळे होतात.

पायरी १: व्याख्या स्वतः वाचा

शस्त्र अधिनियम १९५९ चा आहे, लागू झाला १ ऑक्टोबर १९६२ पासून. त्याखालचे सध्याचे नियम म्हणजे शस्त्र नियम २०१६. २०१९ साली कायद्यात मोठी दुरुस्ती झाली आणि बऱ्याच शिक्षा वाढल्या. त्यामुळे इंटरनेटवर सापडणारा २०१९ आधीचा कुठलाही लेख शिक्षेच्या बाबतीत जुना समजायचा.

कलम २ मधली ‘अग्निशस्त्र’ ही व्याख्या सावकाश वाचावी अशी आहे. स्फोटकाच्या किंवा ‘ऊर्जेच्या इतर प्रकारांच्या’ जोरावर काहीही फेकण्यासाठी बनवलेलं किंवा तसं जुळवून घेतलेलं शस्त्र म्हणजे अग्निशस्त्र. दाबलेली हवा हा ऊर्जेचा इतर प्रकारच झाला. म्हणजे तुमची एअर रायफल व्याख्येच्या बाहेर नाही. ती आत आहे, आणि ठरावीक मर्यादेपर्यंत तिला परवान्यातून वगळलेलं आहे.

याच व्याख्येत पुढे दोन गोष्टी नावानिशी घातल्या आहेत. एक, अशा अग्निशस्त्राचा आवाज किंवा झोत (डागताना दिसणारी ज्वाळा) कमी करण्यासाठी बनवलेली किंवा जुळवून घेतलेली ॲक्सेसरी. दोन, अग्निशस्त्राचे भाग आणि ते बनवण्याची यंत्रं. सायलेन्सर हा बंदुकीचा दागिना नाही, कायद्यात तीच बंदूक आहे. सोबत बंदूक असो वा नसो.

पायरी २: विकत घेण्याआधी तीन प्रश्न

कुठलीही वस्तू समोर आली की याच क्रमाने विचारायचं:

१. ही वस्तू आवाज किंवा झोत कमी करते का? करत असेल तर तिथेच थांबा.

२. हिच्याविना शस्त्र डागता येईल का? येत नसेल, तर तो ‘भाग’ आहे. नळी, बोल्ट, रिसीव्हर, फ्रेम, स्लाइड, रिव्हॉल्व्हरचा सिलिंडर हे सगळे यात येतात.

३. ही लावल्यावर शस्त्राचा प्रवर्ग बदलतो का? ताकद वाढते, बोअर (नळीच्या छिद्राचा व्यास) बदलतो, नळी आखूड होते किंवा चाप दाबून ठेवला की गोळ्या सुटतच राहतात, असं काही होतं का?

तिन्ही उत्तरं ‘नाही’ आली, तर ती वस्तू शस्त्र कायद्याच्या कक्षेत सहसा येत नाही. स्कोप, डायॉप्टर (बारीक भोकातून नेम धरायची साइट), स्लिंग, बायपॉड, कव्हर, केस, साफसफाईची सळई, ट्रिगर लॉक, शूटिंग जॅकेट, हातमोजे या सगळ्यांवर असं ‘नाही’ येतं.

सायलेन्सरबद्दल जरा सविस्तर

सर्वात जास्त लोक इथेच अडकतात. विक्रेते नाव बदलतात: मॉडरेटर, सप्रेसर, एअर स्ट्रिपर, ‘बॅरल एक्स्टेन्शन’. कायदा नाव बघत नाही, काम बघतो. ‘बनवलेली किंवा जुळवून घेतलेली’ हे शब्द मुद्दाम रुंद ठेवलेले आहेत. नुसता एअर स्ट्रिपर छऱ्यामागची हवा बाजूला वळवतो, आवाज कमी करणं हा त्याचा उद्देश नसतो. पण आत फोम किंवा पडद्यांचे कप्पे असलेली नळी ‘स्ट्रिपर’ म्हणून विकली तरी ती सायलेन्सरच. परदेशी वेबसाइटवर ‘सॉल्व्हंट ट्रॅप’ नावाचे संच साफसफाईचं सामान म्हणून मिळतात. नळी धुताना टपकणारा द्रव गोळा करायला एक डबी, असा त्याचा बहाणा. आत कपाच्या आकाराच्या चकत्यांची रांग असते. अशी चकत्यांची रांग द्रव गोळा करायला लागत नाही, हे कस्टमच्या अधिकाऱ्यालाही कळतं.

नियमांच्या पहिल्या अनुसूचीत आवाज किंवा झोत कमी करणाऱ्या ॲक्सेसरीज पहिल्या प्रवर्गात आहेत. या प्रवर्गाचा परवाना जिल्हाधिकारी किंवा पोलीस आयुक्त देत नाहीत, तो विषय केंद्रीय गृह मंत्रालयाचा. शनिवारच्या सरावासाठी शेजाऱ्यांना आवाजाचा त्रास नको, या कारणावर तो मिळण्याची आशा धरू नका.

‘माझी एअर रायफलच परवानामुक्त आहे, मग तिचा सायलेन्सर का नाही?’ हा युक्तिवाद ऐकायला बरा वाटतो. पण सवलत एअर वेपनला दिलेली आहे आणि सायलेन्सरची नोंद अनुसूचीत वेगळी आहे. शिवाय एअर रायफलच्या मॉडरेटरचे आटे .२२ बोअरच्या बंदुकीच्या नळीवर बसणारे असतील, तर तपास अधिकाऱ्याला दुसरं काही शोधावंच लागत नाही. कारखान्यातूनच नळीभोवती आवाज कमी करणारं आवरण बसवून आलेली रायफल घेत असाल, तर उत्पादकाकडून त्या मॉडेलच्या कायदेशीर स्थितीबद्दल लेखी उत्तर घ्या. दुकानदाराचं ‘सगळे घेतात हो’ हे उत्तर नव्हे.

परवान्याशिवाय अग्निशस्त्र बाळगल्याची शिक्षा दुरुस्तीनंतर किमान २ वर्षं, कमाल ५ वर्षं आणि दंड.

पायरी ३: ताकद मोजा, जाहिरातीवर विसंबू नका

एअर वेपनला सूट आहे ती दोन अटींवर: बोअर ०.१७७ इंच म्हणजे ४.५ मिमीपर्यंत आणि नळीच्या तोंडाशी ऊर्जा २० जूलपर्यंत. यातली एक जरी ओलांडली तरी परवाना लागतो. ५.५ मिमीची एअर रायफल कितीही मवाळ असली तरी ती परवान्याचीच.

हिशोब घरी करता येतो. छऱ्याचं वजन ग्रॅममध्ये, गुणिले वेग मीटर प्रति सेकंदात, पुन्हा गुणिले तोच वेग, भागिले २०००. उत्तर जूलमध्ये येतं. डब्यावर वजन ग्रेनमध्ये असेल तर ०.०६४८ ने गुणा. वेग फूट प्रति सेकंदात असेल तर ३.२८ ने भागा.

स्पर्धेची दहा मीटर रायफल ०.५३ ग्रॅमचा छर्रा साधारण १७० मीटर वेगाने सोडते: ७.७ जूल. मर्यादेपासून खूप लांब. तोच छर्रा २७० मीटरने गेला तर १९.३ जूल, २८० मीटरने गेला तर २०.८. दहा मीटरच्या फरकात रायफल कायद्याच्या पलीकडे जाते. नवी स्प्रिंग किंवा हवेचा दाब ठरवणाऱ्या रेग्युलेटरचा स्क्रू एवढा फरक सहज पाडतो.

दुसरा सापळा छऱ्यांचा आहे. हवा भरून चालणाऱ्या रायफलीत जड छर्रा घातला की वेग थोडा पडतो, पण ऊर्जा बऱ्याचदा वाढते. ०.६७ ग्रॅमचा छर्रा २५० मीटरने निघाला तर २०.९ जूल होतात. रायफलीला स्क्रू ड्रायव्हर न लावता, नुसता डबा बदलून! उलट ‘१००० फूट प्रति सेकंद’ अशी जाहिरात अनेकदा हलक्या छऱ्यावर मोजलेली असते. ०.३५ ग्रॅमचा छर्रा त्या वेगाने १६.३ जूल देतो, ०.५३ ग्रॅमचा २४.६. जाहिरातीचा आकडा कुठल्या छऱ्यावर मोजला हे माहीत नसेल तर तो निरुपयोगी. क्लबमध्ये क्रोनोग्राफ (छऱ्याचा वेग मोजणारं यंत्र) असतो. तुम्ही खरोखर वापरता त्या छऱ्याने दहा वार मोजा, सर्वात मोठा आकडा धरा, तारखेसह लिहून ठेवा. विक्रेत्याचं ऊर्जेचं प्रमाणपत्र बिलाला जोडून ठेवा.

आणि एक खर्चाचा मुद्दा. दहा मीटर एअर रायफलच्या आंतरराष्ट्रीय नियमांत दुर्बीण चालत नाही, डायॉप्टर साइट लागते. रायफलवर मझल ब्रेक किंवा कॉम्पेन्सेटर (नळीच्या तोंडाला लावायची, धक्का कमी करणारी जोडणी) हेही चालत नाही. सगळं धरून वजन ५.५ किलोपर्यंत. स्पर्धेत उतरायचं असेल तर स्कोपवर घातलेले पैसे वाया जातात, कायदेशीर असला तरी.

पायरी ४: सुटे भाग आणि दुरुस्ती

एअर रायफलचे सील, ओ-रिंग, स्क्रू, त्याच ताकदीची स्प्रिंग यांची काळजी नको. परवान्याच्या शस्त्राचं मात्र तसं नाही. स्वप्नील कुसाळेने २०२४ मध्ये पॅरिसला ज्या प्रकारात कांस्य मिळवलं, त्या पन्नास मीटर थ्री पोझिशन्सची .२२ रायफल परवान्याची असते, आणि तिची नळी किंवा बोल्ट वेगळा विकत घेणं म्हणजे अग्निशस्त्राचा भाग घेणं. असे भाग परवानाधारक विक्रेत्याकडून, परवाना दाखवून, बिलावर परवाना क्रमांक लिहून घेऊनच घ्यायचे. जादा नळीची नोंद परवान्यावर करून घ्यायची.

कलम ४५(घ) हा एक दिलासा आहे, पण तो लोकांना वाटतो त्याहून लहान आहे. शस्त्राचे किंवा दारूगोळ्याचे किरकोळ भाग, जे स्वतःच्या किंवा दुसऱ्या कोणाच्याही जवळच्या पूरक भागांसोबत वापरायचे नाहीत, त्यांना कायदा लागू नाही. विमानतळावर बॅगेत एखादं सुटं काडतूस सापडल्याच्या प्रकरणांत याचा आधार घेतला गेला आहे. पण तो बचाव आहे, परवानगी नाही. तो कामी येतो तोवर गुन्हा नोंदवलेला असतो, फ्लाइट गेलेली असते. आणि पूरक भाग भावाकडे असले तरी तो तुटतो, ‘दुसऱ्या कोणाच्याही’ या शब्दांमुळे.

ताबा म्हणजे काय, हेही पाहून ठेवा. गुणवंतलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७२ साली सांगितलं की ताब्यात जाणीव हवी; पण वस्तू अंगावर नसली तरी तिच्यावर तुमचं नियंत्रण असेल तर तो ताबाच. मित्राच्या कपाटात ठेवलेला सायलेन्सर तुमचाही असू शकतो आणि मित्राचाही.

कोकणात शेतीसंरक्षणाच्या परवान्यावर ठासणीच्या आणि बारा बोअरच्या बंदुका घरोघरी असतात. तिथे होणारी ठरलेली चूक: नळीच्या तोंडाला चीर गेली म्हणून गावातल्या वेल्डरकडून इंचभर कापून घेणं. यात दोन गुन्हे होतात. दुरुस्ती आणि बदल करणाऱ्याकडे कलम ५ चा परवाना लागतो, आणि कलम ६ नुसार परवान्याशिवाय नळी आखूड करायला बंदी आहे. साध्या नळीच्या बंदुकीची नळी २० इंचांच्या खाली गेली तर ती थेट पहिल्या प्रवर्गात जाते. कलम २५(१) खाली याची शिक्षा किमान ७ वर्षं, जन्मठेपेपर्यंत. चीर गेलेली बंदूक परवानाधारक गनस्मिथकडेच न्यायची, नेताना परवाना सोबत, ठेवल्याची पावती घ्यायची. नळीला टॉर्च बांधणं शस्त्र कायद्याला खुपत नाही, पण रात्री रानडुकरामागे गेलात तर प्रश्न वन्यजीव कायद्याचा होतो आणि टॉर्चसकट सगळं जप्त होतं.

घरी काही ‘बनवण्याचा’ विचार डोक्यात असेल तर तो तिथेच सोडा. थ्रीडी प्रिंटरवर काढलेला सायलेन्सर हे परवान्याविना अग्निशस्त्र बनवणं ठरतं. तेच कलम ५, तीच ७ वर्षांपासूनची शिक्षा. बाळगण्यापेक्षा बनवणं कितीतरी महाग पडतं.

पायरी ५: परदेशातून मागवताना

इथे दोन वेगळे कायदे एकावर एक बसतात. शस्त्र अधिनियमाचं कलम १० आयातीसाठी परवाना मागतं. ज्या वस्तू परवान्याविना बाळगता येतात त्या स्वतःच्या वापरापुरत्या, वाजवी प्रमाणात आणायला तिथे मुभा आहे. पण त्यापुढे परकीय व्यापार धोरण आणि कस्टम उभे असतात, आणि कलम १० ची मुभा त्यांच्यावर बंधनकारक नाही.

कस्टमच्या वर्गीकरणाचे आकडे उपयोगी पडतात. शस्त्रांचे भाग आणि ॲक्सेसरीज शीर्षक ९३०५ मध्ये, त्यांच्या आयातीवर निर्बंध. शस्त्रावर बसवायची दुर्बीण मात्र ९० व्या प्रकरणात, ९०१३ खाली येते, जोपर्यंत ती शस्त्रावर चढवलेली किंवा शस्त्रासोबत सादर केलेली नाही. त्यामुळे स्कोप आणि रायफलचे भाग एकाच पार्सलमध्ये मागवू नका. भाग अडकले की स्कोपही अडकतो. पार्सलवर ‘सायकल पार्ट’ असं खोटं वर्णन लिहायला विक्रेत्याला सांगणं तर त्याहून वाईट, कारण मग साधा वर्गीकरणाचा वाद राहत नाही, चुकीच्या घोषणेचा गुन्हा होतो.

अमेरिकेतल्या मामेभावाला ‘येताना एक स्कोप आण’ म्हणण्याआधी त्याला तिकडचे निर्यात नियम बघायला सांगा. अग्निशस्त्रांच्या दुर्बिणी अमेरिकी वाणिज्य खात्याच्या नियंत्रण यादीत ०ए५०४ या नोंदीखाली आहेत. सूटकेसमधून नेणं हीसुद्धा निर्यातच.

तिकडचे यूट्यूबवाले सायलेन्सर टेबलावर मांडून बोलतात, त्यावरून इकडचा अंदाज बांधू नका. तिथे सायलेन्सर १९३४ च्या कायद्याखाली केंद्रीय नोंदणीत आहे. २०० डॉलरचा कर १ जानेवारी २०२६ पासून शून्य झाला, नोंदणी कायम राहिली. बंप स्टॉकवरची (बंदुकीच्या धक्क्यानेच चाप भराभर दाबला जाईल अशा दस्त्यावरची) केंद्रीय बंदी तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने जून २०२४ मध्ये रद्द केली, ती ‘चापाची एक क्रिया’ या तिथल्या शब्दप्रयोगाच्या अर्थावर. आपल्या कायद्यात ‘प्रतिबंधित शस्त्र’ ठरवताना चापावर दाब असेपर्यंत गोळ्या सुटत राहतात का, हे बघतात. ती वस्तू इथे कुठल्याही रूपात नको. आणि तिथे राहणाऱ्या आपल्या मंडळींसाठी: एच-१बी सारख्या व्हिसावर अग्निशस्त्र बाळगायला केंद्रीय कायद्याने मनाई आहे, वैध शिकार परवान्यासारखे मोजके अपवाद सोडून. सायलेन्सर त्या कायद्यातही अग्निशस्त्रच आहे.

पायरी ६: घराबाहेर नेताना

महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३७(१) खाली मनाई आदेश निघतात, सणासुदीला, मोर्चांच्या काळात, निवडणुकीत. एका वेळी सहसा १५ दिवसांपर्यंत. त्यात बंदुका, सुरे, लाठ्या आणि शारीरिक इजा करता येईल अशी कुठलीही वस्तू नेण्यावर बंदी असते. ‘एअर रायफलला परवाना लागत नाही’ हे उत्तर तिथे चालत नाही. गणपतीच्या दिवसांत बालेवाडीला किंवा वरळीच्या रेंजवर सरावाला निघण्याआधी आपल्या आयुक्तालयाचा किंवा जिल्ह्याचा चालू आदेश वाचा, खेळाडूंना सूट दिली आहे का ते बघा. सोबत ठेवायचं: खरेदीचं बिल, ओळखपत्र, क्लबचं सदस्यत्व, स्पर्धा असेल तर प्रवेशपत्र. रायफल बंद केसमध्ये, रिकामी, छर्रे वेगळ्या डब्यात. शाळकरी मुलाच्या हाती एकट्याने रायफल देऊन बसमध्ये बसवू नका. बिल पालकाच्या नावावर असतं, उत्तर पालकालाच द्यावं लागतं.

बोरिवलीचं राष्ट्रीय उद्यान असो की राधानगरी, संरक्षित क्षेत्रात वन्यजीव अधिकाऱ्याच्या लेखी परवानगीशिवाय शस्त्र नेता येत नाही. गाडीच्या डिकीत विसरलेली एअर रायफलही त्यात आली. विमानात रायफल आणि छर्रे दोन्ही हातातल्या बॅगेत चालत नाहीत. एअरलाइनला आधी ईमेल करून हवेच्या सिलिंडरबद्दलची त्यांची अट लेखी मागवा, उत्तराचा प्रिंट सोबत न्या. काउंटरवरच्या माणसाला तोंडी सांगून उपयोग होत नाही.

चुकीची वस्तू आधीच घेतली असेल तर

ती विकू नका, कुणाला देऊ नका, कुरिअर करू नका. विक्री आणि हस्तांतर कलम ५ मध्ये येतं, म्हणजे लहान गुन्ह्यातून मोठ्यात जाणं. कलम २१ मध्ये शस्त्र पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करण्याची सोय आहे, पण ती ज्याचा ताबा पूर्वी कायदेशीर होता आणि नंतर राहिला नाही अशांसाठी लिहिलेली आहे. परवाना संपलेल्याचं आणि तुमचं प्रकरण सारखं नाही. म्हणून आधी शस्त्र कायद्याची प्रकरणं चालवणारा फौजदारी वकील गाठा, बिल आणि ऑर्डरचा ईमेल त्याला दाखवा, आणि वस्तू त्याच्यामार्फत, लेखी अर्जासह, पोच घेऊन जमा करा. कलम ३ खालच्या (परवान्याविना बाळगल्याच्या) खटल्याला जिल्हा दंडाधिकाऱ्याची पूर्वपरवानगी लागते. कागद नीट असतील, तर त्या टप्प्यावर वकिलाला तुमची बाजू मांडता येते.